बेण्याचा डोह

आज फवारणीवाले दारात आले. डीडीटीचा तो उग्र वास नाकात शिरला आणि आमच्या नाल्यातली एक दुपार आठवून पुन्हा डोकं तापलं.

उन्हाळ्यात नाला आटला की अंगावर काळी रेघ असलेले बोटाएवढे मासे एकाच डोहात जीव धरून राहत. पावसाळ्यात ते वर चढून उथळ पाण्यात अंडी घालत. म्हणून तांड्यावरचं कुणी त्या डोहात जाळं टाकत नसे. तो बेण्यासाठी राखलेला.

त्या दुपारी फवारणीवाल्यांनी नेमके तिथंच पंप धुतले. पाणी दुधासारखं पांढरं झालं आणि मासे उलटे होऊन तरंगू लागले.

"अरे, हे डासाच्या अळ्या खातेत! यायले काहून मारून राह्यले?" मी ओरडलो.

"आता मासोळीले इचारून मच्छर माराव का बे, लीडर?" त्यांचा मुकादम हसला.

माझ्या काकीनं ओंजळीत चार मासे उचलून पाहिले. "बेणंच गेलं रे बापू," ती म्हणाली.

तेव्हापासून नाल्यावर डास आहेत, मासे नाहीत. म्हणून आज पंपवाल्याला दारातच अडवून विचारलं, "पंप कुठं धुता?"

"त्या डोहात," तो म्हणाला. "तिथं काहीच नसते न, भाऊ."