लेकराला टाकलं न्हाई मी

त्या दिशी लातूरच्या हॉलात आमच्या घरची तिघं व्हतो: मी, माझी थोरली लेक, आन् लेकीची पोरगी, जी आता हे लिहून घेऊन राहिली. स्टेजवर कादंबरी लिहिनारी बाई आन् तिचा सत्कार करनारे अध्यक्ष. खाली खुर्च्यांवर कॉलेजची पोरं-पोरी.

बाई मुखेडकडं आमच्या तांड्यावर लई डाव आली व्हती. चुलीपाशी बसून भाकर खाल्ली. पंधराव्या वर्षी आई झालेली गोरमाटी, म्हंजे बंजाऱ्याची, बाई तिला पायजे व्हती. "सांगून टाका आजी, मन हलकं हुईल," म्हनायची. झालं बी हलकं, खोटं कशाला बोलू?

मंग पुस्तक आलं. हॉलात जायच्या एसटीत नात वाचून दाखवू लागली. पुस्तकातली पोरगी दवाखान्यात बाळंत हुती. लेक झाली म्हनून दंडावरच्या बलिया सोताच फोडती, लेकरू तिथंच ठिवती, आन् मोकळी हून निघून जाती. नातीनं पुस्तक मिटलं. माझी लेक, तेच ते लेकरू, आता तिचे बी केस पिकले, खिडकीकडं तोंड करून म्हनली, "याडी, मला टाकून गेल्ती व्हय तू?"

अंगाची आग झाली माझ्या. एसटी भरलेली, तिथं कुठं सांगत बसू?

बलिया म्हंजे आमच्या बायांच्या दंडावरच्या पांढऱ्या बांगड्या. लग्नात चढतात, नवरा मेल्यावरच उतरतात. खरं तर बाळंतपनात मला झटके आले व्हते, शुद्ध न्हवती. दंडाला बीपीचा पट्टा बसंना म्हनून दवाखान्यातल्यांनी कानशीनं कापून काढल्या. नवरा बाहेर दारात उभा व्हता, त्याला इचारलं न्हाई. जीव वाचवला, मान्य हाय. पन जाग आल्यावर कोन बोललं बी न्हाई, कापल्या म्हनून. तुकडे कचऱ्यात गेले.

लेकराला छातीशी धरून बैलगाडीतून तांड्यावर उतरले. बायांनी मोकळे दंड पाहिले आन् माझ्या नवऱ्याचं नाव घेऊन रडन्याचा सूर धरला. सासूनं जमिनीवर अंग टाकलं. नवरा गाडीमागून चालत येत व्हता, डोक्यावर ट्रंक घेऊन. म्हनला, "कोन मेलं?"

हसायला येतं आता. तवा न्हाई आलं. मला वाटलं, माझ्या पायगुनानं जित्या मानसाचं मरन रडल्या.

सासू उठली. तोंड धुतलं, सोताच्या दंडातली एक बलिया तेल लावून काढली आन् माझ्या दंडात घातली. मंग जिचा नवरा जित्ता ती परत्येक बाई एकेक देत गेली. कुनाची जाड, कुनाची पिवळी पडलेली. दंड भरला तवा मी रडले, दवाखान्यापासून पहिल्यांदा. मी बरी झाले ती तिथं. बाईला हे सगळं सांगितलं व्हतं. पुस्तकात त्यातली एक ओळ न्हाई.

हॉलात अध्यक्ष म्हनले, "या पोरीनं बेड्या तोडल्या." टाळ्या पडल्या. मी उठले.

"कुनी तोडल्या? माझ्या कापल्या. आन् लेकरू हे बसलंय इथं."

बाई हसून म्हनली, "आजी, कादंबरी आहे ती. कल्पना असते त्यात."

"मंग तांडा बी कल्पनेतला घ्यायचा. माझ्या बलिया कशाला घेतल्यास?"

"आजी, आपन चहाच्या वेळेला बोलू," अध्यक्ष म्हनले.

माझी लेक उभी राहिली. जल्मात कधी चार मानसांत बोलली न्हाई ती. "चहा ऱ्हाऊ द्या सायेब. माझ्या याडीला बोलू द्या, मला ऐकायचंय."

मंग मी बोलले, तिच्याकडं बघून, आमच्या बोलीत. हॉलाला कळलं न्हाई, न कळू दे. लेक पदरानं तोंड पुसत ऐकत व्हती. पायऱ्या उतरताना तिनं येवढंच इचारलं, "दादीनं तिची बलिया कोनत्या हातातली काढली?"

"उजव्या," म्हनले.

बाई म्हनती, लोकांना असंच आवडतं. बायकूनं सगळं टाकून जावं, तवाच ती शानी. आमी राहिलो, लेकरं वाढवली, एकमेकीला सावरलं, ते कुनाला नगं.

पुस्तक तुमच्या हाती आलं तर वाचा, कोन अडवतंय. पन वाचून झाल्यावर दुसऱ्याला देताना येवढं तोंडी सांगा: ती बाई लेकराला घेऊन घरी आली व्हती.