हाताचा क्लोजअप

त्याच्या तिसाव्या वर्षी मी त्याला पहिल्यांदा म्हातारा केला. नायकाचा बाप! नायक त्याच्यापेक्षा चार वर्षांनी मोठा, पण बोलायची कुणाची टाप होती? तेव्हापासून सगळे त्याला काका म्हणायला लागले. पुढची अडतीस वर्षं मी, त्याचा मेकअपमन, त्याच्या तोंडावर मिशा चिकटवतोय आणि उपटतोय. न्यायाधीश, दारुडा, फौजदार, आंधळा मास्तर. एकदा तर सकाळी खुनी आणि दुपारी डॉक्टर. पोस्टरवर मात्र थोबाड कधी आलं नाही. लोक रस्त्यात अडवून विचारायचे, "तुम्ही बँकेत होतात ना?" तो म्हणायचा, "होतो, होतो." कोण समजावत बसणार!

गेल्या वर्षी त्याचा उजवा हात थरथरायला लागला. आधी मलाच दिसलं. या धंद्यात नट म्हातारा चालतो, आजारी चालत नाही. एकदा बातमी फुटली की कुणी बोलावत नाही.

"घरी वहिनींना तरी सांगितलंस का?" मी विचारलं.

"वेडा आहेस का? तिला कळता कामा नये."

मग सुरू झाली आमची लपवाछपवी. कधी काठी घट्ट धरायची, कधी फाईल छातीशी कवटाळायची. दिग्दर्शक म्हणायचे, वा, काय बारकावे! डोंबल बारकावे. घरी येईपर्यंत माणूस पार गळून जायचा.

शेवटी व्हायचं ते झालंच. न्यायाधीश निकालावर सही करतो, पडद्यावर नुसता हात. पाच वेळा घेतलं, पाचही वेळा पेन भरकटलं. "शाई नीट उतरत नाहीये," तो म्हणाला. दिग्दर्शक घड्याळाकडे बघायला लागला. मला राहवलं नाही. "साहेब, काकांचं मनगट मुरगळलंय. हातच दिसणार ना? माझा घ्या." त्याचा कोट मी चढवला, सही ठोकली, पहिल्या फटक्यात ओके. तो कोपऱ्यातल्या खुर्चीवर शर्टात बसून बघत होता. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

सिनेमा लागला तेव्हा वहिनी आमच्या दोघांच्या मधे बसल्या होत्या. पडदाभर तो हात आला.

"हा हात यांचा नाही," त्या म्हणाल्या.

"अहो वहिनी, मेकअपमुळे तसं..."

"मला शिकवू नका भावजी. संसार केलाय मी या हाताबरोबर."

अंधारात चाचपून त्यांनी त्याचा हात हातात घेतला. तो थरथरत होता.

"कधीपासून?"

"वर्ष झालं."

"आणि मला सांगावंसं वाटलं नाही? मी कोण, तिकीट काढून आलेली?" त्यांचा आवाज फाटला. पुढच्या रांगेतला कुणीतरी शुक्‌ शुक्‌ करायला लागला.

पडद्यावर तो खणखणीत आवाजात शिक्षा सुनावत होता. शेजारी बसलेल्याच्या आवाजात मात्र काही जीवच उरला नव्हता.

"तुला सांगितलं असतं तर ते खरं झालं असतं गं."