संत्र्याच्या ओटवड्या

ताई गेली तो गुरुवार होता. तार आली तेव्हा मी कॉलेजात होते. बाबा मला घ्यायला फाटकाशी आले. माय, बाबा आणि मी स्टेशनवर गेलो, बडनेऱ्याला गाडी बदलली आणि अकोल्याला उतरलो. दवाखान्यात तिची पेटी आमच्या हाती दिली. पेटीत तिचे कपडे होते, पुस्तकं होती आणि पत्र्याचा एक डबा होता. डब्यात दोन वड्या होत्या. त्या मी केल्या होत्या. तिने त्या खाल्ल्या नव्हत्या.

त्या वड्यांविषयी लिहायचं मी अनेक वर्षं पुढे ढकलत आले. लिहिणं हेच माझं काम असूनही, किंवा कदाचित म्हणूनच.

ताई माझ्यापेक्षा सहा वर्षांनी मोठी. छप्पन साली आमचं घर बौद्ध झालं, त्यानंतर वर्षा-दोन वर्षांत ती परिचारिकेचं शिक्षण घ्यायला अकोल्याला गेली. बाबा अमरावतीला सरकारी कचेरीत शिपाई होते आणि आम्ही राजापेठेच्या मागच्या बाजूला दोन खोल्यांत राहत होतो. त्या खोल्यांसमोर एक नळ होता. मायच्या लेखी आमच्या घराची खरी शोभा तो नळच. गावी असताना तिला विहिरीवर चढता येत नसे. कोणी येऊन वरून पाणी ओतेपर्यंत घागर घेऊन खाली उभं राहायचं, आणि मिळेल तेवढ्यात भागवायचं. अमरावतीला आल्यावर नळाची तोटी तिच्या हातात आली, आणि मग तिने धुवायचं काही शिल्लक ठेवलं नाही. गहू-जवारी धुऊन वाळवून दळायला जात असे, ते सगळीकडेच होतं. आमच्याकडे मीठ सोडून जवळपास सगळंच धुतलं जाई. एकदा बाबांनी बाजारातून नवी केरसुणी आणली, तिलाही तिने नळाखाली धरलं. बाबा म्हणाले, "आता मलेच धुवायचं राहिलं." माय म्हणाली, "थांबा, पानी जायचं हाये अजून."

एका वर्षी माघ सरताना ताई चार दिवसांच्या सुट्टीवर आली आणि येताना तो पत्र्याचा डबा घेऊन आली. तिच्या दवाखान्यातल्या मेट्रन बाई परदेशातून आलेल्या होत्या. नाताळात त्या सगळ्या मुलींना स्वतःच्या हातच्या वड्या खाऊ घालत. खाली एक थर, मध्ये फळांचा गोड गर, वर भुरभुरीत कवच. ताईला त्या इतक्या आवडल्या की तिने कृती मागून घेतली. कागद जवळ नव्हता म्हणून रोग्याच्या तापाच्या कोऱ्या तक्त्याच्या पाठीवर ती लिहून आणली. बाईंनी वर एक डबा ओट दिले.

मायने झाकण काढून आत पाहिलं. चिमूट घेऊन बोटांत चोळली.

"कोंडा हाये का काय हा?"

"कोंडा नाही वो माय, ओट. तिकडचं धान्य हाये. चेपटं करून विकतात."

"सरकार तुले शिकवून राहिलं, अन् खायले कोंडा देऊन राहिलं?"

ताई हसली. कृतीत सफरचंद लिहिलं होतं. सफरचंद आमच्याकडे आजारी माणसाला भेटायला जातानाही कोणी नेत नसे. ताई म्हणाली, "संत्री घालू." मावशी शेंदूरजनाघाटला संत्र्याच्या बागेत तोडणीच्या कामावर होती. ताई आणि मी दुसऱ्या दिवशी सकाळच्या मोटारीने तिच्याकडे गेलो, रात्री तिथेच राहिलो आणि तिसऱ्या दिवशी दुपारी पिशवीभर संत्री घेऊन परतलो. परतताना मोटारीत पिशवी माझ्या मांडीवर होती. साली उन्हाने तापल्या होत्या आणि त्यांचा वास पुढच्या बाकापर्यंत जात होता. एका बाईने वळून विचारलं, "कोणाच्या लग्नाले नेता का वो एवढे संत्रे?" ताई म्हणाली, "वड्या करतो आमी." त्या बाईला ते खरं वाटलं नाही.

घरी आल्यावर ताईने ओटचा डबा उघडला. त्यात बारीक गोळे झालेले होते. "हवा लागली वाटते," ती म्हणाली आणि हाताने गोळे मोडून घेतले. माय चुलीजवळ काहीतरी निवडत होती. तिने मान वर केली नाही.

त्या दिवशी दुपारभर आम्ही दोघींनी संत्र्याच्या फोडी सोलल्या. वरचा पांढरा पापुद्रा राहिला किंवा एखादी बी राहिली तर गर कडू होतो, म्हणून ताई माझी प्रत्येक फोड उलटून पाहायची. गर साखर घालून आटवला. ओट, कणीक, गूळ आणि घरचं लोणी एकत्र चोळलं. साचा म्हणून बाबांच्या जेवणाच्या डब्याचा खालचा पुडा घेतला. त्यात अर्धं मिश्रण दाबून बसवलं, त्यावर गर पसरला आणि उरलेलं वरून भुरभुरलं. भट्टी कुठली आणणार? पातेल्यात वाळू तापवून तिच्यात पुडा ठेवला, वर परात झाकली आणि परातीत निखारे टाकले. वाळू जवळच्या बांधकामावरून आणली होती. ती अर्थातच मायने तीन पाण्यांनी धुऊन दिली होती.

ताईने कागदावर ठळक लिहिलं होतं, की गार झाल्याशिवाय कापू नये. आम्ही थांबलो. बाबा कचेरीतून आले. मग ताईने सुरी घातली, आणि ती सुरी वरच्या थरातून जाताना जो आवाज झाला तो मला अजून ऐकू येतो. पापड मोडावा तसा, पण जाड. खाली मऊ, मध्ये आंबटगोड, वर कडकडीत. बाबांनी तीन खाल्ल्या. ताईने पहिला घास तोंडात बराच वेळ घोळवला. मग म्हणाली, "मेट्रन बाईच्या पण अशा नव्हत्या."

त्याच वेळी, खाता खाता, तिने तिच्या वॉर्डातली गोष्ट सांगितली. एका रोग्याला डॉक्टरांनी ओटची लापशी सांगितली होती. खेड्यातून आलेल्या त्याच्या आईने ओट घेतले आणि नळावर नेऊन स्वच्छ धुतले. "धुवून टाकले बाप्पा! खळ झाली नुसती. कपड्याले लावली असती तं इस्त्री झाली असती." आम्ही सगळे हसलो. मायही हसली. पदर तोंडावर धरून हसली हे मला नीट आठवतं, कारण माय कधी पदर धरून हसत नसे.

त्यानंतर ताईने त्या वड्या पुष्कळदा केल्या. मेट्रन बाईंकडून ओट मिळत, वसतिगृहाच्या मागे ती आणि मैत्रिणी शेगडी पेटवत. दर पत्रात एक ओळ असायची. "परवा वड्या केल्या. तशा झाल्या नाहीत." कधी तिला वाटे लोणी कमी पडलं, कधी अकोल्याची वाळू वेगळी. एकदा तर संत्री शेंदूरजनाचीच हवीत म्हणून मावशीकडून मागवली. तशा झाल्या नाहीत. एका दिवाळीत डबा घेऊन ती घरी आली आणि त्याच पुड्यात, त्याच पातेल्यात करून पाहिलं. मायने डब्याला हात लावला तशी ताई म्हणाली, "माय, तू राहू दे. याले पाण्याचा थेंब लागला नाही पाहिजे." माय बाजूला झाली. वड्या चांगल्या झाल्या. मऊ भुरभुरीत, हाताला लागताच विसकटणाऱ्या. सुरी घातल्यावर आवाज झाला नाही. ताईने माझ्याकडे पाहिलं. मी मान हलवली.

ही तशी लहानशी गोष्ट. पण ताईच्या आयुष्यात स्वतःसाठी मागितलेल्या गोष्टी फार थोड्या होत्या. माझ्या पुस्तकांसाठी ती मनिऑर्डर करी, बाबांना चष्मा तिने करून दिला. स्वतःसाठी तिने मागितलं ते एवढंच, की त्या दिवसासारखी वडी पुन्हा एकदा व्हावी.

क्षयाच्या वॉर्डात काम करता करता तिला तोच आजार झाला. दवाखाना तिचाच होता, औषधं सुरू होती, आणि तिची पत्रं हसरी होती, त्यामुळे आम्हाला ते उशिरा कळलं. मग एक पत्र माझ्या नावाने आलं. "डॉक्टर सांगतात भरपूर खा. तोंडाला चव नाही. येताना ओटच्या वड्या करून आण. ओट पाठवते. तू वाचून नीट करशील." सोबत तिने तो तापाचा तक्ता पाठवला होता. घड्यांवर तो फाटायला आला होता.

मी बी.ए.च्या दुसऱ्या वर्षाला होते. छापलेलं किंवा लिहिलेलं जे काही असेल ते बरोबर असतं, अशी माझी त्या वयात पक्की समजूत होती. कागद भिंतीला टेकवून मी एकेक ओळ वाचत करत होते. माय जवळ येऊन उभी राहिली.

"जरा पानी दाखवू का त्याले?"

"कशाले?"

"काई नाही. वाळवू दोन दिवस. मंग कर."

"माय, कागदावर पाणी लिहिलं नाही. ताईने काय सांगितलं होतं? थेंब लागला नाही पाहिजे."

"हो," माय म्हणाली. तिने दाराबाहेर पाहिलं. मग पुन्हा म्हणाली, "ऊन चांगलं हाये पण आज."

"परवा जायचं हाये मले अकोल्याले."

ती बाहेर नळावर गेली. मी वड्या केल्या.

वॉर्डात ताई खाटेवर उशीला टेकून बसली होती. केस तिने विंचरून घेतले होते, मी येणार म्हणून. मी डबा उघडला. तिने एक वडी घेतली, कानाजवळ नेली आणि मोडली. मोडून माझ्याकडे पाहिलं. मग एक घास खाल्ला.

"चांगल्या झाल्या," ती म्हणाली.

"तशा?"

"तशा नाही. पण चांगल्या झाल्या ना. काहून तोंड पाडते?" मग म्हणाली, "पाह्य बरं, आपून चौघं होतो तवा. काहीतरी वेगळं झालं होतं त्या दिवशी. काय झालं होतं, ते तू शोधून काढ. तू वाचतेस."

मी शोधते म्हणाले. अकरा दिवसांनी तार आली.

घरी परतल्यावर आठवडाभर माणसं येत राहिली. ती यायची थांबल्यावर एका सकाळी माय नळावर तो डबा घासत होती. मी दारात बसले होते. डबा कधीच स्वच्छ झाला होता, तरी ती घासत होती.

"मी धुतले होते ते," ती डब्याकडे पाहून म्हणाली.

"काय?"

"ओट. पहिल्यांदा आणले होते ते. तुमी दोघी मावशीकडे गेल्या होत्या तवा. मले वाटलं, कुठून आलं, कोणाचे हात लागले. धुतले तं खळ झाली. घाबरली मी. मंग फडक्यावर पसरून टाकली, कुरडईसारखी. दोन दिवस कडक वाळवली. अन् चुरून डब्यात भरून ठेवली."

मी एवढंच विचारलं, "मग सांगितलं काहून नाही?"

"कशी सांगू? ती हासून राहिली होती ना त्या बाईले. धुतले म्हणून." तिने डबा उलटा करून पाणी झटकलं. "वाटलं, पोरगी शिकली. तिले वाटन, आपली मायबी तशीच."

मी तिच्याजवळ जाऊन बसले. तुझ्यामुळेच त्या वड्या तशा झाल्या होत्या, हे मी तिला सांगितलं. ते तिला माहीत होतं. दिवाळीतल्या वड्यांना आवाज झाला नाही तेव्हाच तिला कळलं होतं. तेव्हा सांगता आलं नाही, आणि सांगायला निघाली तेव्हा मी तिला कागद दाखवला. हे तिने बोलून दाखवलं नाही. ते माझं मीच बोलते, इतकी वर्षं.

मेट्रन बाईंकडून आणखी एक डबा मागवायला मला बरेच महिने लागले. आला तेव्हा मायने ओट माझ्यासमोर धुतले. पांढरी खळ बोटांतून ओघळत होती. फडक्यावर पातळ पसरली, दोन दिवस ऊन दिलं, चुरली. सुरी घातल्यावर आवाज झाला. बाबा म्हणाले, "हेच." मायने खाल्ली नाही. ताईची म्हणून एक वडी वेगळी काढून ठेवली आणि संध्याकाळी ती मला दिली.

माय आणि बाबा दोघंही आता नाहीत. डबा माझ्याकडे आहे, आणि तक्त्याचा कागदही. ताईच्या अक्षराखाली मी एक ओळ लिहिली आहे: ओट आधी धुऊन दोन दिवस उन्हात वाळवावे. संत्र्यांच्या दिवसांत मी वड्या करते. सुरी घातली की आवाज होतो.