दोन वायरींची दुपार

अमरावतीत काळावर विजय मिळवलेला माणूस एकच, आणि तो आमचे कूलर दुरुस्त करतो. सगळी गल्ली त्यांना कूलरवाले चाचा म्हणते. हातात घड्याळ नाही, भिंतीवरचं बंद, आणि "आलोच" म्हणाले की बाईमाणसानं निवांत लोणचं घालायला घ्यावं, मुरेपर्यंत येतात. एकदा मी उशिराबद्दल बोलले, तर म्हणाले, "भाभी, मी लेट नाई आलो. तुमीच लवकर वाट पाहून राहिल्या." कुठलीही वस्तू उघडून परत बंद केली की एक स्क्रू हातात उरतोच, आणि तो खिशात टाकत ते म्हणतात, "हा जास्तीचा होता. कंपनीवाल्याईले अक्कल नाई." आमच्या घरातून त्यांनी इतके जास्तीचे स्क्रू नेले आहेत, की त्यांचा एक नवा कूलर व्हावा.

झालाही. पण तो कूलर नव्हता. चाची गेली त्याच्या पुढच्या उन्हाळ्यात चाचांनी दुकानाच्या मागच्या खोलीत एक यंत्र उभं केलं. जुन्या कूलरचं धूड, त्यात ताजा वाळा, समोर दोन लोखंडी खुर्च्या, प्रत्येक खुर्चीला एकेक वायर आणि बाजूला चाचीच्या शिलाई मशीनचं काळं चाक. चाक पुढे फिरवलं की दुपार आखडते, मागे फिरवलं की गेलेली दुपार परत येते. "वऱ्हाडाले दुपार जास्तीची देली ऊपरवाल्यानं," चाचांचं म्हणणं. म्हणजे देवाच्या हातातही एक स्क्रू उरलाच. मी म्हटलं, "चाचा, मशीनचं चाक उलटं फिरवलं की दोरा तुटतो." ते म्हणाले, "चाची बी हेच म्हने," आणि पंखा चालू केला.

पहिला मान कोपऱ्यावरच्या भाजीवाल्या माळीबुवांना मिळाला. मे महिना, बाहेर कावळाही चोच उघडून बसलेला. बुवा एक वाजता खुर्चीत बसले, चाचांनी चाक पुढे फिरवलं, वाळ्याची गार झुळूक आली, आणि बुवांनी डोळे उघडले तेव्हा पाच वाजले होते. "एका मिन्टात गेली ना दुपार!" बुवा ओरडतच बाहेर आले. हातगाडीपाशी एक बकरी शेवटची मेथी चावत उभी होती. "माही मेथी?" चाचा शांतपणे म्हणाले, "वेळ मेथीवरून गेला. तुमच्यावरून नाई गेला." बुवा घोरत होते हे अख्ख्या गल्लीनं ऐकलं होतं, तरी दुसऱ्या दिवशी यंत्रापुढे रांग. आमची माणसं थंड हवेपुढे शास्त्राला फार ताणत नाहीत.

आता त्या रांगेतल्या सर्वांत शहाण्या बाईकडे वळू, म्हणजे माझ्याकडे. तेव्हा मी पासष्टीची, पोरवयच म्हणा. माझी जीभ माझ्या दोन पावलं पुढे चालायची. अकोल्याला ताईच्या मुलीच्या लग्नात, भरल्या पंगतीत मी रश्श्यातली बेसनाची वडी उचलून वाढप्याला विचारलं होतं, "बाबा, ही पातोडी कोणाच्या चपलेची?" पंगत हसली. मी फुगले. ताई त्या दिवसापासून सात वर्षं माझ्याशी बोलली नाही. आणि मी? मी कशाला माफी मागू? विनोद चांगला होता ना!

तर मी चाचांना म्हटलं, मला ती दुपार परत आणून द्या, तेवढं एक वाक्य गिळायचं आहे. चाचा म्हणाले, "एका वायरीवर बल्ब लागते का, भाभी? पुढं एकट्याले जाता येते, मांगं नाई. जिच्या संग ते दुपार गेली, तिले आना."

यंत्राची गरज म्हणून, केवळ म्हणून, मी अकोल्याची बस धरली. ताईनं दार उघडलं.

"काहून आली?"

"ताई, एक यंत्र आहे."

"थे जीभ मेली का आहे अजून?"

"आहे. तीच मागे न्यायची आहे. पण दोन वायरी लागतात."

ताई तशीच वळली. मग आत जाऊन चपला घालून आली. दुसऱ्या दुपारी आम्ही दोघी खुर्च्यांत बसलो, चाचांनी चाक उलटं फिरवलं, आणि आम्ही गाढ झोपलो. पाच वाजता ताई उठली. "मले तं काई दिसलं नाई. तू घोरते मात्र. आन् छबे, थे पातोडी चिवटच होती. पन तू भर पंगतीत बोलली."

"चुकलं माझं."

"हे सात वर्साआधी नाई म्हनता आलं? मशीन लागली?"

चाचा नाचायचेच राहिले होते. "सात साल! एका दुपारीत सात साल मांगं गेली!"

गेल्या मे महिन्यात ते यंत्रात नवा वाळा भरत होते. मी सहज विचारलं, "चाचा, तुम्ही कधी बसलात का यात?"

"कसा बसू? माही दुसरी वायर कुठी आहे?" वाळा दाबत ते म्हणाले, "गेली त्या दिवशी चाची म्हने, आज नका जाऊ, बसा जरा माह्यापाशी. पन एक कूलर बंद होता. तीनदा फोन आला, तं गेलो. वापस आलो, तं झालं होतं सगळं."

कोणाचा फोन, ते त्यांनी सांगितलं नाही. सांगायची गरज नव्हती. चाची गेली त्या वर्षी मी पुण्याला नातवाकडे निघाले होते. बॅगा भरायच्या होत्या आणि कूलर बंद. "चाचा, आत्ताच्या आत्ता या, मी भाजून राहिले इथे!" असं तीनदा. ते पंधरा मिनिटांत आले. नुसता प्लग सैल होता. चाची गेल्याचं मला महिन्यानं परतल्यावर कळलं, आणि कोणत्या दिवशी ते मी विचारलंही नाही. पुण्यात मात्र महिनाभर मिरवलं, की चाचांना वेळेवर आणणारी अमरावतीत एकच बाई आहे.

मी जाऊन दुसऱ्या खुर्चीत बसले.

"भाभी, थे चाचीची जागा—"

"त्या दुपारी तुम्ही माझ्या घरी होतात चाचा. त्या दुपारची एक वायर मीही आहे. बसा."

ते बसले. हातातला उरलेला वाळा मांडीवर ठेवत म्हणाले, "मी नसतं सांगतलं तुमाले कदी."

वाळ्याचा वास पसरला आणि त्यांची मान हळूहळू कलली. मला झोप आली नाही. मी हात लांब करून चाचीचं चाक धरलं आणि ते उलटं फिरवत राहिले, अगदी सावकाश, दोरा तुटू नये इतकं.