शेअर सर्टिफिकेटवरची रिकामी ओळ

घाटकोपरच्या त्या ऑफिसात सुगंधा तांडेल खुर्चीच्या अगदी कडेला बसली होती. घरकर्जाचा शेवटचा हप्ता फिटला होता आणि तारण ठेवलेले कागद परत न्यायला कर्ज देणाऱ्या कंपनीने दोघांना बोलावलं होतं. शेजारी तिचा नवरा दशरथ.

"अहो, पाय हलवू नका. खुर्ची हलतेय."

"मी नाय हलवत. तूच थरथरतंस."

दोघांचंही खरं होतं.

काउंटरवरच्या मुलीने जाडजूड पाकीट फोडलं. खरेदीचा करार, नोंदणीची पावती, सोसायटीचं शेअर सर्टिफिकेट. सुगंधाने बाकी सगळं बाजूला सारून सर्टिफिकेट उचललं आणि उलटं केलं. मागे, नव्या मालकांची नावं चढवायच्या रकान्यात दशरथचं नाव होतं. त्याच्याखाली एक ओळ रिकामी.

कर्ज मिळालं होतं ते तिच्या पगारावर. मुलुंडच्या औषधांच्या कारखान्यात ती पॅकिंगला होती. दशरथ टेम्पो चालवायचा आणि त्याची कमाई कागदावर दिसत नव्हती. म्हणून खरेदीच्या करारात तिचं नाव पहिलं आणि त्याचं दुसरं. पण सोसायटीच्या तेव्हाच्या सेक्रेटरीने सर्टिफिकेटवर फक्त पुरुषाचं नाव चढवलं. "वहिनींचं नंतर घालू, जागा सोडलीय," म्हणाला. लगेचच सर्टिफिकेट तारणात गेलं आणि ती सोडलेली जागा कंपनीच्या कुलपात जाऊन बसली. तेव्हापासून सुगंधाला अधूनमधून वाटे, आपण या घरात राहतो खरं, पण घराला ते माहीत नाही.

आता बिल्डिंग पुनर्विकासाला जाणार होती. बिल्डर करार करणार तो सर्टिफिकेटवर नाव असलेल्यांशीच. आज संध्याकाळी कमिटीची मीटिंग होती आणि नव्या सेक्रेटरी अनुपमाताई म्हणाल्या होत्या, मूळ सर्टिफिकेट आणा, आजच नाव चढवते.

घरी जाताना मुलुंडला उतरल्यावर सुगंधा पेढे घ्यायला वळली.

"तुम्ही सर्टिफिकेटची झेरॉक्स काढून आणा," तिने दशरथला सांगितलं. "बाकीचे कागद माझ्याकडे राहू देत."

घरी येऊन तिने देवापुढे दिवा लावला आणि करार समोर ठेवला. नवी साडी काढली, पुन्हा आत ठेवली, पुन्हा काढली. खिडकीतून समोरच्या बिल्डिंगचे पाइप, कपडे, कबुतरं दिसत होती. रोजचंच, पण आज ते सगळं कुणीतरी आत्ताच धुऊन ठेवल्यासारखं.

दशरथ आला तो छाती काढून.

"बघ. आता पन्नास वर्षा काय होवचा नाय."

सर्टिफिकेट त्याच्या हातात लखलखत होतं. दोन्ही बाजूंनी जाड, गुळगुळीत प्लास्टिक.

गावच्या घरात जमिनीचे सगळे कागद वाळवीने खाल्ले, तेव्हापासून दशरथ हाताला लागेल ते लॅमिनेट करत आला होता. रेशनकार्ड, वडिलांचं मिलचं ओळखपत्र, ग्रामदेवतेचा फोटो. एकदा तर गॅसची पावतीसुद्धा.

सुगंधाने सर्टिफिकेट उलटं केलं. रिकाम्या ओळीवरून बोट फिरवलं. बोट घसरलं.

"अहो," ती हळू आवाजात म्हणाली, "यावर आता लिहायचं कसं?"

दशरथच्या चेहऱ्यावरचं हसू जागच्या जागी राहिलं. मग तो खाली बसला.

"वाट लागली," म्हणाला.

"नुसते बसू नका. चला."

मीटिंगमध्ये सर्टिफिकेट अनुपमाताईंच्या समोर ठेवलं तेव्हा त्यांनी आधी पेन टेकवून बघितलं. शाई थेंबाथेंबाने गोळा झाली.

"दशरथभाऊ, मलाही लॅमिनेट करून घ्या एकदा," कमिटीतला धोंडू म्हणाला. "कमरेचा त्रास थांबेल."

सगळे हसले. सुगंधा हसली नाही. तिचं काळीज पेनाच्या टोकाशी होतं.

"सोलून काढलं तर?" दशरथने विचारलं.

"फाटेल. फाटलेल्यावर मी सही करणार नाही." अनुपमाताईंनी चष्मा काढला. "हे आता खराब झालेलं सर्टिफिकेट. सोसायटीने ते रद्द करायचं आणि नवीन द्यायचं. नियमात आहे तसं."

"नवीनवर मागच्या बाजूला नाव?" सुगंधाने विचारलं.

"मागे कशाला? नवीन म्हणजे पुढच्याच बाजूला, खरेदीच्या करारात आहेत तशी दोन्ही नावं. करार आणलाय?"

सुगंधाने पिशवीतून तो जाड करार काढला. अनुपमाताईंनी पहिलं पान वाचलं, मग सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हटलं, "सुगंधा दशरथ तांडेल. आणि दशरथ तांडेल. कोणाची हरकत?"

कोणाची नव्हती. धोंडूने पेढ्यांच्या बॉक्सकडे बघत मंजुरीचा हात वर केला. ठराव लिहिला गेला. अनुपमाताईंनी जुन्या सर्टिफिकेटवर रद्दचा शिक्का मारला, तो प्लास्टिकवरून पुसला गेला, म्हणून मग कात्री मागवून कोपरा कापला. दशरथने डोळे मिटून घेतले.

"म्हणजे मी दुसऱ्या नंबरला?" त्याने विचारलं.

"पहिल्यापासून तिथेच होतात," सुगंधा म्हणाली. नव्या सर्टिफिकेटच्या अर्जावर सही करताना तिने आपलं पूर्ण नाव लिहिलं, रेघेच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत.

"पण माझ्यामुळाच झाला ना सगळा?" दशरथ म्हणाला.

"झालं. तुमच्यामुळेच झालं." सुगंधाने त्याच्या तोंडात पेढा कोंबला आणि अनुपमाताईंकडे वळली. "ताई, नवीन तयार झालं की मला फोन करा. मी एकटी येईन न्यायला."