पाणी आम्ही चालवलं

“लांब हो. मेंढरांचा वास मारतोय.”

रानाचे मालक तात्या माझ्या आईला असं म्हणाले तेव्हा तिच्या टाचांतून रक्त येत होतं. कोयना नदीच्या घाटापासून जतकडच्या आमच्या माळापर्यंत ती सहा दिवस चालत आली होती. तिच्या मागून, जमिनीखालून, पाणी आलं होतं. तात्यांच्या कोरड्या विहिरीत ते चढत होतं. मांडवातले पाहुणे टाळ्या वाजवत होते. मोबाइलवर फोटो काढत होते. विहिरीचे. आईचे नाही.

मी चौदा वर्षांची. वाटभर तिच्यासोबत होते.

आईनं हातानंच खूण केली, प्यायला पाहिजे. तात्या म्हणाले, “हिरीला तोंड लावू नगं. पूजा व्हायची हाय. तकडं जनावरांच्या टाकीत हाय बघ.”

आई टाकीपाशी गेली. दोन म्हशी पीत होत्या. त्यांच्यामध्ये वाकून ती ओंजळीनं प्यायली. पाण्यावर कडब्याचा भुसा तरंगत होता.

मी म्हणाले, “आये, पाणी तर तूच आणलंस.”

“गप पी,” आई म्हणाली.

मी प्यायले. ती चव अजून तोंडात आहे.

पाणी चालवायचा मंत्र आमच्या घरात आईकडून लेकीला मिळतो. बाहेर सांगत नाहीत. नदीत गुडघाभर उभं राहून म्हणायचा, फक्त शेवटचा शब्द राखून ठेवायचा. मग चालायला लागायचं. वाटेत बोलायचं नाही. मागं वळून बघायचं नाही. शेवटच्या दिवशी थेंबभरही पाणी तोंडात जाऊ द्यायचं नाही. गेलं, तर सगळं पाणी माघारी फिरतं. जिथं पाणी पाहिजे तिथं पोचून राखलेला शब्द म्हणायचा. आणि हे एका बाईला जन्मात एकदाच जमतं. दुसऱ्यांदा पाणी तिचं ऐकत नाही.

आईचं ते एकदाच तात्यांच्या विहिरीत गेलं. आमची मेंढरं तात्यांच्या रानात बसायची. पाणी आण, न्हाईतर कळप हलव, असं ते म्हणाले होते. वर असंही म्हणाले होते की हीर भरली की आमच्या वस्तीपर्यंत पाइप टाकून देतो. पाइप आला नाही. आई परत नीट चालली नाही. दोन वर्षं अंथरुणात काढली, मला एकेक ओळ पाठ करून दिली आणि गेली.

मी कुपवाडला आले. पंपाचे पार्ट बनवणाऱ्या कारखान्यात घासकामाला लागले. बारा वर्षं दुसऱ्यांच्या शेतातलं पाणी ओढणारे पंप माझ्या हाताखालून गेले. वस्तीवर टँकर यायचा, कधी यायचा नाही.

मागच्या वर्षी तात्या कारखान्याच्या गेटवर आले. त्यांची विहीर उसानं पिऊन संपवली होती. आता मी ताई झाले होते.

“ताई, आईनं तुला शिकवलंय न्हवं?”

“पाइपाचं काय झालं?”

ते हसले. “जुनं झालं गं ते. ह्या वक्ताला देतो की.”

“न्हाई.”

“तुझ्या भावाची मेंढरं कुणाच्या रानात हायत, ठावं हाय का?”

मला ठाऊक होतं. मी आठ दिवसांची रजा टाकली आणि कोयनेची एसटी धरली.

एकटी चालले. पाटण, कऱ्हाड, विटा. डाव्या पायाची बोटं चौथ्या दिवशी बधिर झाली. पायाखाली पाणी सरकत होतं ते कळायचं. बारीक थरथर, कळप मागून यावा तशी.

मला वस्तीच्या कोरड्या विहिरीवर जायचं होतं, आणि ती वाट तात्यांच्या फाटकावरून जाते. तिथं ते चार माणसं घेऊन उभे होते. मी येणार हे त्यांना कळलं होतं. मी बोलू शकत नाही, पिऊ शकत नाही, हेही त्यांना आईच्या वेळेपासून माहीत होतं.

“हिरीपाशी चल. शब्द हितंच म्हणायचा.”

मी उभी राहिले.

त्यांनी पाण्याचा तांब्या मागवला. “न्हाईतर पी. मग कुणालाच न्हाई.”

मी नकाराची मान हलवली. त्यांनी तांब्यातलं पाणी माझ्या तोंडावर मारलं. ते नाकावरून, मिटलेल्या ओठांवरून ओघळलं. सकाळपासून थेंब घेतला नव्हता. जीभ आपोआप बाहेर येऊ बघत होती. मी दात इतके आवळले की एक दाढ तडकली. पदरानं तोंड पुसलं आणि त्या माणसांच्या मधून चालायला लागले. एकानं दंड धरला. मी त्याच्याकडं बघत राहिले. त्यानं सोडला. का, माहीत नाही.

वस्तीच्या विहिरीच्या काठावर मी शब्द म्हणाले. पाणी आलं. बायका कळश्या घेऊन धावल्या. आधी मी प्यायले. कुणाची परवानगी घेतली नाही.

पुढचंही सांगते. आठवड्यात तात्यांनी भावाचा कळप रानातून हाकलून दिला. त्यानं मेंढरं विकली, ऊसतोडीला गेला. माझ्याशी बोलत नाही. पायाची दोन बोटं कापावी लागली. कारखान्यानं कामावरून काढलं. माझं एकदाच होतं, ते संपलं. विहीर पाचपन्नास घरांना किती वर्षं पुरणार?

म्हणून मी मंत्र शिकवायला लागले. वस्तीतल्या सगळ्या मुलींना, शेजारच्या वाड्यांतल्यासुद्धा. कुठल्याही घरातल्या, कुठल्याही जातीच्या. म्हाताऱ्या चिडल्या. मंत्र घराबाहेर गेला तर शक्ती जाईल म्हणाल्या. मी म्हणाले, घरात ठेवला म्हणूनच एका बाईला धरून दमात घेता आलं. शंभर जणींना कसं घेणार?

परवा देवळापुढं मुली बसल्या होत्या. तात्यांचा माणूस निरोप घेऊन आला. “शिकवणं बंद करा म्हणून सांगितलंय.”

मी त्याला बसायला सांगितलं नाही. जायलाही सांगितलं नाही. त्याच्यासमोर पहिली ओळ म्हणाले, मोठ्यांदा. सोळा मुली माझ्यामागून म्हणाल्या.

मग दुसरी ओळ घेतली.