मोठं घर पाहून दिली

आमच्या गावात लग्नाचा बायोडाटा लिहायचा असला की लोक माझ्याकडे येतात. जिल्हा परिषदेच्या शाळेत जन्म गेला, अक्षर बरं आहे, आणि रिटायर झाल्यापासून मला काही कामधंदा नाही हे अर्ध्या महागाव तालुक्याला ठाऊक आहे. आता तर अक्षराचंही काम उरलं नाही, सगळं मोबाइलवर टाइप होतं, तरी लोक येतात. नाव, रास, नाडी, उंची, शिक्षण हे भराभर होतं. गाडी अडते ती शेवटच्या ओळीत, 'अपेक्षा' म्हणून असते तिथं. पोरीचा बाप म्हणतो, लिहा गुरुजी, अनुरूप. मी लिहितो अनुरूप. मग तो खुर्ची जवळ ओढतो आणि हळूच सांगतो की पोरगा नोकरीवाला पाहिजे, पुण्याला असला तर सोन्याहून पिवळं, गावाकडे शेती पाहिजे, तीही ओलिताची, पण पोरानं शेतात पाय ठेवता कामा नये. हे सांगणारा स्वतः सकाळी कपाशीला फवारा मारून आलेला असतो. शेजारच्या बंजारा तांड्यावरचे लोक घरात गोरबोली बोलतात, माझ्याशी मराठी बोलतात, पण त्या ओळीपाशी आले की त्यांचीही खुर्ची तशीच जवळ सरकते. मला हसू येतं आणि रागही येतो. बाबा रे, तुला अनुरूप नको आहे, तुला मोठं घर पाहिजे, तसं सांग ना सरळ.

पोथ्यांमध्ये याला अनुलोम विवाह म्हणतात, असं कॉलेजात वाचल्याचं आठवतं. आमच्याकडे तो शब्द कोणाच्या तोंडी नाही. आमच्याकडे म्हणतात, 'मोठ्या घरी देल्ली'. शेजारपाजारच्या बायका म्हणतात, 'मोठ्या घरी पडली बाप्पा'. देल्ली म्हणताना बापाची छाती फुगलेली असते, आणि पडली म्हणताना शेजारणीचा सुस्कारा निघतो, तो हेव्याचा की कीव आल्याचा ते तिचं तिला माहीत. पोरानं मोठ्या घरची केली तर मात्र लोक गालात हसतात आणि तो आता बायकोपुढं मान खाली घालून बसेल म्हणतात. मोठ्या घरी गेलेल्या पोरीच्या मानेची कोणी चौकशी करत नाही.

उलट बाजूही पाहा. पोरगी खाली दिली, असं कोणी तोंडानं म्हणत नाही. 'घर साधंच आहे, पण माणसं चांगली आहेत,' असं म्हणतात. मोठ्या घराबद्दल बोलताना माणसं कशी आहेत हे कोणी सांगितलेलं मी तरी ऐकलं नाही. तिथं विहिरी मोजतात. माझ्या लहानपणी विहिरी आणि बैलजोड्या मोजायचे, मग ट्रॅक्टर आला, मग स्लॅब आला, आता पुण्याचा फ्लॅट मोजतात. मी हे लोकांना नावं ठेवायला लिहीत नाही. मोजणारा मी स्वतः होतो, आणि दिली ती माझी सख्खी धाकटी बहीण होती.

तीसएक वर्षं झाली. मी नुकताच मास्तर झालो होतो आणि घरातला शिकलेला म्हणून माझ्या शब्दाला वजन आलं होतं. ढाणकीकडचं ते स्थळ मीच आणलं. आमची कोरडवाहू शेती, त्यांची चाळीस एकर ओलिताची. घर पाहायला आम्ही पाच पुरुष गेलो, वडील, मी, काका आणि गावातले दोघं जाणते. तेव्हा घर पाहायला बायका जात नसत. आम्ही विहीर पाहिली, विहिरीवरची मोटार चालू करून पाहिली, गोठा पाहिला, ट्रॅक्टरच्या टायरला हात लावून पाहिला. वरच्या माडीवर जाऊन सगळं शिवार पाहिलं. मग बैठकीत बसून पोट फुटेस्तोवर जेवलो. ताटं आतून येत होती, पण आत कोण होतं ते काही आम्हाला दिसलं नाही, आणि पाहावंसंही कोणाला वाटलं नाही. मुलाच्या वडिलांनी विचारलं, कसं वाटलं घर? मी सगळ्यांच्या आधी म्हणालो, काही पाहायचंच राहिलं नाही.

घरी आलो तर आई दारातच उभी. तिनं दोनच गोष्टी विचारल्या. सैपाकघर कसं आहे, आणि सासू कशी बोलते. आम्ही पाचही जण एकमेकांच्या तोंडाकडे पाहायला लागलो. मी हसून म्हणालो, अव माय, घर एवढं मोठं, तर सैपाकघर काय लहान असंन? सगळे हसले. आई आत गेली. महिन्याभरात साक्षगंध होऊन सोयरीक पक्की झाली.

बहिणीला कोणी मारलं नाही, उपाशी ठेवलं नाही, हे आधीच सांगतो, नाहीतर लोक भलतंच समजतात. एवढंच, की त्या घरात तिला कधी काही ठरवता आलं नाही. माहेरी यायचं तर सासऱ्याला विचारायचं. सासरे म्हणायचे सासूला विचार, सासू म्हणायची त्याइले विचार. मोठ्या घरच्या सुना एसटीनं फिरत नाहीत, म्हणून जीप रिकामी असेल तेव्हाच यायचं, आणि जीप काही रिकामी व्हायची नाही. आई वारली तेव्हा ती सकाळी आली आणि संध्याकाळी परत गेली. मी भेटायला गेलो की मला बैठकीत बसवायचे. चहा गड्याच्या हातून यायचा. मग डोक्यावर पदर घेऊन ती दारापर्यंत यायची, घरचे कसे आहेत विचारायची, दोन-चार मिनिटं उभी राहायची आणि आत जायची.

आणि मी काय करत होतो? मी भाव खात होतो. एसटीत शेजारच्यानं विचारलं, बहीण कुठं दिली गुरुजी, की मी गावाचं आणि घराण्याचं नाव सांगून त्याच्या चेहऱ्याकडे पाहत बसायचो. 'त्या घरी?' असं तो म्हणाला की मला गुदगुल्या व्हायच्या. लाज वाटते आता, पण वाटायचं तेव्हा बरं.

तिची मुलगी, माझी भाची, आता सव्वीस वर्षांची आहे. यवतमाळला एका पॅथॉलॉजी लॅबमध्ये नोकरी करते, स्कूटीवर फिरते, आईपेक्षा चारपट बोलते. मागच्या हिवाळ्यात तिला यवतमाळचंच एक स्थळ आलं. कापसाचा मोठा व्यापार, तीन मजली बंगला, दारात दोन गाड्या. जावईबापूंना, म्हणजे बहिणीच्या नवऱ्याला, आकाश ठेंगणं झालं. सासरे गेल्यावर त्या घराचे कर्ते तेच. मी त्यांना आयुष्यात कोणापुढं वाकलेलं पाहिलं नव्हतं, पण त्या व्यापाऱ्याचा फोन आला की ते उठून उभे राहायचे. मोठ्या घराच्या वरही आणखी मोठं घर असतं हे मला तेव्हा दिसलं.

घर पाहायला जायचं ठरलं. आजकाल बायकाही जातात, पण जावईबापूंच्या घरात ती पद्धत अजून आलेली नाही. मामा म्हणून मला बोलावणं होतं. आम्ही चौघं पुरुष गाडीत बसलो तेव्हा बहीण फाटकापर्यंत आली. जावईबापू ड्रायव्हरशी बोलत होते. ती माझ्या खिडकीशी वाकली.

"भाऊ, ह्या बारीनं आत जाऊन पाहाशीन," ती म्हणाली. बस, एवढंच.

बंगला देखणाच होता, खोटं कायले बोलू. संगमरवरी फरशी, झुंबर, देव्हारा माझ्या खोलीएवढा. सोफ्यावर बसल्याबरोबर काजू-बदामाच्या वाट्या आल्या. मुलगा शांत वाटला, वडिलांनी विचारल्याशिवाय बोलला नाही. गप्पा कापसाच्या आणि सोयाबीनच्या भावाच्या. मला काही त्या ऐकू येत नव्हत्या. शेवटी म्हणालो, बीपीची गोळी घ्यायची आहे, कोमट पाणी लागेल. गड्याला हाक मारायला लागले तर मी म्हणालो, असू द्या, मीच आणतो. म्हातारा मास्तर म्हणून कोणी अडवलं नाही.

आत सैपाकघरात त्या घरची मोठी सून भजी तळत होती. तिची सासू खुर्चीवर बसून कोथिंबीर निवडत होती. सून तिशीची असेल, चेहरा हसरा. तिनं पाणी कोमट करून दिलं. मी गोळी घेतली आणि सहज विचारल्यासारखं विचारलं, बाई, तुझं माहेर कुठलं? दिग्रसकडचं, ती म्हणाली. मग मी विचारलं, माहेरी कधी गेलती?

तिनं आधी सासूकडे पाहिलं. सासूनं कोथिंबिरीतून मान वर न करता सांगितलं की तिले इथंच करमते. सून हसली आणि झाऱ्यानं भजी पलटवायला लागली.

बाहेर आलो तर तबक मांडलेलं. पान, सुपारी, नारळ. सुपारी फोडली की शब्द पक्का, मग मागं फिरणं म्हणजे दोन्ही घरांची नाचक्की. सगळे माझ्यासाठी थांबले होते. मुलाचे वडील म्हणाले, घ्या मामाजी, मामाच्या हातानंच होऊ द्या. जावईबापूंनी अडकित्ता माझ्यापुढं सरकवला. त्यांच्या चेहऱ्यावर इतका आनंद होता की मला त्यांची दयाही आली.

हात पुढं झाला होता माझा, तो मी मागं घेतला. म्हणालो, सुपारी मागून फोडू, आधी पोरीला आणि पोरीच्या आईला एकदा घर पाहू द्या. मुलाचे वडील हसत म्हणाले, त्याइले कायले त्रास, तुम्ही पाह्यलं ना?

"मी पाह्यलं," मी म्हणालो, "पन मले घर पाहाता येत नाई. तीस वर्षांआधी असंच एक मोठं घर पाह्यलं होतं. विहीर पाह्यली, ट्रॅक्टर पाह्यला, अन् बहीण देऊन आलो."

ते कोणाचं घर होतं हे तिथं बसलेल्या प्रत्येकाला समजलं. जावईबापू तर माझ्या शेजारीच होते. त्यांनी अडकित्ता उचलून तबकात ठेवला. परतताना यवतमाळ सुटल्यावर एवढंच म्हणाले की माझ्या घराची इज्जत तुम्ही काढली, आता आमच्या दारात पाय ठेवू नका. मला आर्णीच्या स्टँडवर उतरवून गाडी निघून गेली. मी एसटीनं घरी आलो.

चार दिवसांनी व्यापाऱ्यांचा निरोप आला की त्यांना घाई आहे, दुसरीकडे पाहतात. भाचीचा मला फोन आला. ती म्हणाली, मामाजी, बरं केलं, मी नाही म्हणणारच होते पण बाबांपुढं माझं काही चालत नव्हतं. माझा जीव थोडा भांड्यात पडला. पण बहिणीचा काही पत्ता नव्हता. तिला तिकडे काय ऐकावं लागत असेल ते मनात येऊन मला जेवण जाईना.

नवव्या दिवशी दुपारी ती आली. एकटी, एसटीनं, हातात पिशवी घेऊन. कोणाला विचारून आलीस, असं माझ्या तोंडून निघून गेलं. कोणालेच नाही, असं म्हणून ती पाय धुवायला गेली. पन्नाशीला टेकलेली माझी बहीण लग्नानंतर पहिल्यांदा स्वतःच्या मनानं माहेरी आली होती. जावईबापूंचे फोन आले, तिनं शांतपणे उत्तरं दिली आणि राहिली.

चौथ्या-पाचव्या दिवशी आम्ही दोघंच अंगणात तुरीच्या शेंगा सोलत बसलो होतो. ती बोलायला लागली. सांगत गेली ते इथं लिहिणार नाही, ते तिचं आहे. मोठं असं काही त्यात नव्हतंच. कोणत्या भांड्याला हात लावायचा नाही, कोणासमोर हसायचं नाही, असलंच सगळं, तीस वर्षांचं. मग ती सोलता सोलता थांबली.

"भाऊ, तुले माहीत होतं ना?"

नाही म्हणणं सोपं होतं. आम्ही पुरुष, आम्हाला आतलं काय कळतं, हे मी इतकी वर्षं स्वतःला सांगत आलोच होतो, वर तुम्हालाही सांगितलं. पण लग्नाच्या दुसऱ्या वर्षी मी दिवाळीला गेलो तेव्हा ती दारात माझा हात धरून म्हणाली होती की मले चार दिवस घेऊन चाल, इथं माह्याशी कोनी बोलत नाई. मी हात सोडवून घेतला होता.

"होतं," मी म्हणालो. "तू दारात सांगतलं, तवाच समजलं होतं. माह्या बदलीसाठी तुह्या सासऱ्यानं शब्द टाकाचा होता. म्हनून तुले नेलं नाई."

ती चिडेल, उठून जाईल, असं मला वाटलं. तिनं दोन शेंगा सोलल्या, दाणे टोपलीत टाकले.

"बरं झालं सांगतलं," ती म्हणाली. "मले वाटे, मलेच तवा नीट सांगता आलं नाई."